रामन राघव, पुण्याची चार पोरं आणि चाळीस सेकंदांची तज्ज्ञ

सुरुवातीलाच सांगते, आजच्या भागात खुनांबद्दल बोलणं आहे. रक्ताची वर्णनं करणार नाहीये, पण रात्री झोपताना ऐकत असाल तर थांबा, उद्या सकाळी बसमध्ये ऐका.

मी क्लिनिकल सायकॉलॉजिस्ट आहे, पुण्यात प्रॅक्टिस करते. तुमच्यापैकी काही जणांनी मला पाहिलं असेल, पण क्लिनिकमध्ये नाही, क्राइम डॉक्युमेंटरीत. ती नाही का असते एक बाई, अर्धा चेहरा अंधारात, मागे पुस्तकांचं कपाट, खाली नाव आणि नावाखाली 'मानसतज्ज्ञ'. ती मी. मागची पुस्तकं माझी नसतात बरं का. एकदा तर निम्मं कपाट इन्कम टॅक्सच्या पुस्तकांनी भरलेलं होतं. स्क्रीनवर कुणाला कळलं नाही.

हे काम कसं चालतं ते आधी सांगते, म्हणजे पुढचं नीट लागेल. आधी रिसर्च करणाऱ्या मुलीचा फोन येतो. हुशार असतात या मुली, केस पाठ असते त्यांना. मग शूटिंगचा दिवस. कॉलरला माइक लावतात, एसी आणि पंखा बंद करतात कारण आवाज येतो, आणि तीन-चार तास प्रश्न विचारतात. त्यातलं तुम्हाला दिसतं ते चाळीस सेकंद. फार तर दोन-तीन वेळा चाळीस सेकंद. आणि प्रश्न फिरून फिरून एकच असतो: "मॅम, त्याच्या डोक्यात नेमकं काय चाललं होतं?"

मला हा प्रश्न आवडायचा. खोटं कशाला बोलू. सगळे गप्प बसतात, कॅमेरा तुमच्याकडे वळतो आणि तुम्ही एका खुन्याचं मन उलगडून दाखवणार असता. कॉलेजात असताना मी या विषयाकडे वळले तेच मुळी अशा कहाण्या वाचून.

तर एका डॉक्युमेंटरीसाठी मी रामन राघववर बोलले. आणि एक वाक्य बोलले: "स्किझोफ्रेनिया असलेल्या माणसाचं एक वेगळंच जग असतं, आणि त्या जगाच्या कायद्यानं तो खून करत होता." वाक्य छान जमलंय हे मला बोलता बोलताच कळलं होतं. कॅमेरामनसुद्धा मान डोलावत होता. त्याच्या पुढे मी दोन-तीन मिनिटं बोलले की हा आजार असलेली बहुसंख्य माणसं कधीही कुणावर हात उचलत नाहीत, उलट त्यांनाच जास्त मार बसतो, त्यांचीच जास्त फसवणूक होते. ते सगळं गेलं. राहिलं ते छान जमलेलं वाक्य. त्याच्यावर संगीत, आणि मग धुक्यातून चालत येणारा एक माणूस, हातात काहीतरी जड.

डॉक्युमेंटरी आल्यावर आठवड्याभरात एका काकूंचा फोन आला. त्यांची आणि त्यांच्या मुलाची परवानगी घेऊन हे सांगतेय, आणि ओळख पटेल असे तपशील बदललेत. मुलगा चोवीस वर्षांचा. तीन वर्षांपासून स्किझोफ्रेनियाचं निदान आहे. गोळ्या सायकियाट्रिस्टकडच्या, आणि बोलायला माझ्याकडे यायचा. एका झेरॉक्सच्या दुकानात काम करायचा आणि चांगलं करायचा. स्पायरल बाइंडिंग तर इतकं सुबक की कॉलेजची पोरं त्याचं नाव घेऊन यायची.

काय झालं, तर त्यांच्या घरच्या व्हॉट्सॲप ग्रुपवर कुणीतरी ती क्लिप टाकली. माझी. खाली काही लिहिलं नव्हतं. नुसती क्लिप.

काकू म्हणाल्या, "मॅडम, मी शिकलेली बाई आहे. मला माहितीये तो तसा नाही. पण त्या रात्री मी सुऱ्या आणि विळी कपाटात ठेवून कुलूप लावलं. का लावलं मला माहीत नाही. सकाळी तो चहा करायला उठला, ओट्याकडे बघितलं आणि म्हणाला, 'आई, कांदा कशानं चिरणार?'"

त्यानंतर तो नऊ दिवस कामावर गेला नाही.

काकूंनी मला शेवटी एवढंच विचारलं, "तुम्हीच बोललात ना त्यात? मग मला सांगा, मी काय समजू?"

मी त्या प्रोडक्शनवाल्यांवर चिडले, हे खरं. पण वाक्य माझं होतं. मी ते घासूनपुसून दिलं होतं. मग मी परत त्या केसकडे गेले. तज्ज्ञ म्हणून नाही, जरा लाजेनंच म्हणा. आणि लक्षात आलं की रामन राघवच्या केसमधली सगळ्यात महत्त्वाची गोष्ट मी कॅमेऱ्यासमोर सांगितलीच नव्हती. ती आज सांगते.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. १९६५-६६ मध्ये मुंबईच्या पूर्व उपनगरांत, जीआयपी म्हणजे आताच्या सेंट्रल रेल्वेच्या लाइनीच्या कडेकडेनं, रात्री झोपलेल्या माणसांवर हल्ले झाले. एकोणीस जणांवर. त्यातले नऊ गेले. सगळे फुटपाथवर नाहीतर झोपड्यांत झोपणारे. संशयावरून एक माणूस पोलिसांना सापडलाही होता, पण पुरावा नाही म्हणून सुटला. १९६८ मध्ये पुन्हा तसंच सुरू झालं. आता उपनगरांत लोक उघड्यावर झोपायचे थांबले, रात्री काठ्या घेऊन गस्त घालायला लागले, आणि एखादा अनोळखी माणूस दिसला की त्याला बडवायला लागले. तपासाची सूत्रं रमाकांत कुलकर्णी यांच्याकडे होती. २७ ऑगस्ट १९६८ ला ॲलेक्स फियालो नावाच्या सब-इन्स्पेक्टरनं फोटो आणि वर्णन लक्षात ठेवून त्याला रस्त्यात ओळखलं आणि पकडलं.

त्याच्याजवळ काय सापडलं, ऐका: एक चष्मा, दोन कंगवे, कात्री, उदबत्तीचं स्टँड, साबण, लसूण, चहाची पावडर आणि आकडेमोड केलेले दोन कागद. मी ही यादी कितीदा तरी वाचलीये. डॉक्युमेंटरीवाले यातला लसूण काढून टाकतात. शोभत नाही ना लसूण.

चौकशीत तो बराच काळ बोलायलाच तयार नव्हता. मग पोलिसांनी विचारलं, तुला काय हवंय. चिकन हवं होतं. दिलं. आणखी चिकन दिलं. मग डोक्याला लावायला तेल, कंगवा, आरसा. तेल लावलं, भांग पाडला, आरशात बघितलं आणि मग बोलायला लागला. कबुलीत जवळपास दोन डझन खून सांगितले.

इथपर्यंतची गोष्ट सगळे सांगतात. खरी गुंतागुंत पुढे कोर्टात आहे.

१९६९ मध्ये खटला उभा राहिला तेव्हा बचावाच्या वकिलांनी म्हटलं, हा माणूस मानसिकदृष्ट्या ठीक नाही. कोर्टानं त्याला पोलीस सर्जनकडे पाठवलं. त्यांनी महिनाभराहून जास्त त्याला निरीक्षणाखाली ठेवलं आणि अहवाल दिला. सायकोसिस नाही, स्मरणशक्ती चांगली, बुद्धी सर्वसाधारण, आपण काय केलं ते त्याला समजतं, खटला चालवायला हरकत नाही. पुढे बचाव पक्षानं नायर हॉस्पिटलच्या एका मानसोपचारतज्ज्ञांना साक्षीला आणलं. ते आर्थर रोड जेलमध्ये जाऊन त्याच्याशी बोलले होते. ते म्हणाले, याला कितीतरी वर्षांपासून क्रॉनिक पॅरानॉइड स्किझोफ्रेनिया आहे, आणि आपण करतोय ते कायद्याविरुद्ध आहे हे त्याला उमगत नाही.

माणूस तोच. दोन शिकलेले डॉक्टर, दोन उलटी उत्तरं.

आता तुम्ही म्हणाल, एक डॉक्टर चुकला. मलाही आधी तसंच वाटायचं. आता वाटत नाही. पोलीस सर्जननी जे तपासलं ते बरोबर असू शकतं. भ्रम असलेल्या माणसाची स्मरणशक्ती शाबूत असते. तो हिशोब बिनचूक करतो, बसचा नंबर विसरत नाही, कुठं लपायचं ते ओळखतो. सिनेमातला वेडा सतत हसतो, भिंतीवर रेघोट्या मारतो. खऱ्या आयुष्यात हा आजार असलेला माणूस तुमच्या शेजारी बसून तिकीट काढतो आणि सुट्टे पैसे मोजून घेतो. भ्रम एका खोलीत असतो, बाकीचं घर आवरलेलं असतं. दुसऱ्या डॉक्टरांनी ती खोली उघडून पाहिली, एवढंच.

सेशन्स कोर्टानं फाशी सुनावली. रामन राघवनं अपील करायला नकार दिला. पण फाशी हायकोर्टाकडून कायम व्हावी लागते, आणि हायकोर्टानं सांगितलं, तीन मानसोपचारतज्ज्ञांचं मंडळ नेमा. त्या मंडळानं त्याच्याशी पाच वेळा, प्रत्येक वेळी सुमारे दोन-दोन तास बोलणं केलं. त्यांना काय सापडलं? त्याच्या मते जगं दोन होती. एक हे आपलं, आणि दुसरं 'कानून'चं. तो कानूनचा प्रतिनिधी. त्याचा पक्का समज होता की लोक त्याचं लिंग बदलायच्या मागे लागलेत आणि ते जमत नाहीये कारण तो कानूनचा माणूस आहे.

शेवटची मुलाखत संपली तेव्हा डॉक्टरांनी निरोप घेताना हात पुढे केला. त्यानं हात मिळवला नाही. म्हणाला की तो कानूनचा प्रतिनिधी आहे आणि या दुष्ट जगातल्या माणसांना तो शिवणार नाही.

हा न मिळवलेला हात माझ्या डोक्यातून जात नाही. त्यात रागबिग काही नाही. त्याच्या दृष्टीनं ती साधी शिस्त होती.

मंडळाचं निदान: क्रॉनिक पॅरानॉइड स्किझोफ्रेनिया. पुढे त्याची फाशी रद्द होऊन जन्मठेप झाली. तो येरवड्यात होता, आणि १९९५ मध्ये किडनीच्या आजारानं ससूनमध्ये गेला. म्हणजे आमच्याच शहरात. मी लहान होते तेव्हा तो माझ्या घरापासून काही किलोमीटरवर होता, हे मला खूप उशिरा कळलं.

कायद्याचं थोडं सांगते, कारण कॉमेंटमध्ये नेहमी येतं, "वेड्याचं नाटक करतात आणि सुटतात." असं नसतं हो. कायदा तुम्हाला 'आजार आहे का' असं विचारतच नाही. इंडियन पीनल कोडचं कलम ८४, जे आता भारतीय न्याय संहितेत कलम २२ आहे, ते विचारतं: ते कृत्य करण्याच्या वेळी, मन ठिकाणावर नसल्यामुळे, आपण काय करतोय हे समजण्याची किंवा ते चूक आहे, कायद्याविरुद्ध आहे हे समजण्याची क्षमता या माणसाला नव्हती का? हा नियम मूळचा इंग्लंडचा. १८४३ मध्ये मॅकनॉटन नावाच्या माणसानं पंतप्रधानांच्या सेक्रेटरीला गोळी घातली, त्या खटल्यानंतर आला. आणि ही अट पूर्ण करणं महाकठीण आहे. आजार आहे हे सिद्ध होऊनही माणूस दोषी ठरू शकतो, ठरतोच. रामन राघवलाही निर्दोष सोडलं नाही, शिक्षा बदलली फक्त. डॉक्टर एक प्रश्न विचारतो, कोर्ट दुसरा. आणि डॉक्युमेंटरी विचारते तिसराच: हा माणूस आहे की राक्षस?

त्या तिसऱ्या प्रश्नासाठी मला बोलावतात. आणि मी 'स्किझोफ्रेनिया' हे उत्तर दिलं. तिथं माझं चुकलं. कारण तो आजार हे त्याच्या भ्रमांचं उत्तर आहे. खुनांचं पूर्ण उत्तर नाही. तसे भ्रम असलेली हजारो माणसं या क्षणी पुण्यात, नाशकात, सोलापुरात आहेत आणि ती घाबरून घरात बसलीयेत, खिडक्या बंद करून. प्रामाणिकपणे सांगायचं तर उपचार नसतील आणि त्यात दारू किंवा ड्रग्ज असतील तर हिंसेचा धोका थोडा वाढतो, हे संशोधनात दिसतं. मी ते लपवणार नाही. पण 'थोडा वाढतो' आणि 'आजार म्हणजेच खुनी' यांच्यात जमीन-अस्मानाचा फरक आहे.

आणि हे पटत नसेल तर माझ्याच गावची केस घ्या.

जोशी-अभ्यंकर खून. पुण्यातल्या कुठल्याही पासष्टीच्या माणसाला विचारा, तो आवाज खाली करून बोलेल. जानेवारी १९७६ ते मार्च १९७७, दहा खून. करणारे टिळक रोडवरच्या एका कला महाविद्यालयातले विद्यार्थी: राजेंद्र जक्कल, दिलीप सुतार, शांताराम जगताप, मुनव्वर शाह. पहिला बळी त्यांच्याच कॉलेजमधला, ओळखीचा मुलगा. त्याच्याकडून आधी घर सोडून जातोय अशी चिठ्ठी लिहून घेतली. बंगल्यांमधले खून चोरीसाठी. आणि चोरीत मिळालं काय, तर एवढ्या जिवांच्या मानानं काहीच नाही. माझी आजी सांगायची की तेव्हा सात वाजता दारं लागायची, आणि मांजरानं भांडं पाडलं तरी वाड्यातले सगळे जागे व्हायचे. चौघांना २७ नोव्हेंबर १९८३ ला येरवड्यात फाशी झाली.

या चौघांच्या खटल्यात 'कानून'चं जग नव्हतं. भ्रम नव्हते. ती पोरं कॉलेजच्या आवारात बसायची, चहा प्यायची, मोटारसायकलवरून फिरायची. आम्ही मानसशास्त्रवाले यावर पटकन म्हणतो, सायकोपॅथ. एकाला म्हणा एक वेळ. पण चौघे? एकाच कॉलेजात, एकाच वेळी? मला ते पटत नाही. गट काय करतो ते बघायला हवं. पहिल्या खुनात एक पाचवाही होता, जो नंतर माफीचा साक्षीदार झाला. म्हणजे एक जण बाहेर पडू शकला. बाकीचे नाही पडले. का? पहिल्यानंतर एकमेकांचं गुपित एकमेकांकडे अडकलं. आता 'नको' म्हणणारा नुसता भित्रा ठरत नाही, तो धोका ठरतो. दुसऱ्या वेळी 'करायचं का?' असा प्रश्नच उरत नाही, 'कधी?' असा उरतो. कॉलेजात ज्यानं कधी ग्रुपमध्ये मान डोलावलीये आणि घरी जाऊन वाईट वाटून घेतलंय, त्याला याचा छोटा, निरुपद्रवी नमुना माहीत आहे. मुनव्वर शाहनं तुरुंगात आत्मकथन लिहिलं, 'येस, आय ॲम गिल्टी'. मराठीत त्या प्रकरणावर 'माफीचा साक्षीदार' सिनेमाही आला, नाना पाटेकरचा. दोन्हींवर लोक खूप बोलतात, पण शेवटी 'राक्षस होते' म्हणून विषय बंद करतात.

रामन राघव 'वेडा' आणि जक्कल टोळी 'राक्षस'. दोन्ही शब्दांचा उपयोग एकच. आपण आणि ते यांच्यात भिंत घालायची. आणि ती भिंत नेमकी कुणाच्या अंगावर पडते, तर झेरॉक्सच्या दुकानातल्या पोराच्या.

हे काही नवं नाही. १८७६ मध्ये लोम्ब्रोसो नावाच्या इटालियन डॉक्टरनं पुस्तक लिहिलं की गुन्हेगार जन्मतःच वेगळा असतो, जबडा, कवटी, कान बघून ओळखता येतो. त्याच्याही आधी, १८७१ मध्ये, इंग्रजांनी आपल्याकडे क्रिमिनल ट्राइब्स ॲक्ट आणला आणि अख्ख्या जमातींना जन्मानं गुन्हेगार ठरवून टाकलं. पुढे सोलापूरसारख्या ठिकाणी तारेच्या कुंपणात वसाहती झाल्या, हजेरी द्यावी लागायची. तो कायदा गेला १९५२ मध्ये. पारधी समाजातल्या पोराला अजूनही गावात चोरी झाली की आधी उचलतात. म्हणून कॉमेंटमध्ये जेव्हा कुणी लिहितं, "याच्या डोळ्यांतच दिसतंय", तेव्हा मला हसू येत नाही.

जाता जाता एक. मला रोज मेसेज येतात, "मॅम, माझा एक्स सायकोपॅथ आहे का? रीलमधल्या टेस्टमध्ये दहापैकी नऊ आलेत." बाळांनो, सायकोपथी मोजायची एक खरी पद्धत आहे, रॉबर्ट हेअर यांची. वीस मुद्दे, प्रत्येकाला शून्य, एक किंवा दोन गुण, एकूण चाळीस. ती ट्रेनिंग घेतलेल्या माणसानं, समोर बसून, जुनी कागदपत्रं तपासून करायची असते. तुमचा एक्स खोटारडा असेल, मेसेज बघून उत्तर न देणारा असेल. त्यासाठी त्याला सोडा. निदान कशाला हवंय?

आणि मी तरी काय वेगळं करत होते? अमेरिकेत १९६४ मध्ये एका मासिकानं हजारो मानसोपचारतज्ज्ञांना विचारलं, राष्ट्राध्यक्षपदाचे उमेदवार बॅरी गोल्डवॉटर हे मानसिकदृष्ट्या लायक आहेत का? हजाराहून जास्त जणांनी लिहून दिलं, नाहीत. त्यातले बहुतेक त्यांना कधी भेटलेही नव्हते. पुढे १९७३ मध्ये तिथल्या मानसोपचारतज्ज्ञांच्या संघटनेनं नियमच केला की ज्याला तपासलं नाही त्याच्याबद्दल असं जाहीर मत द्यायचं नाही. मी रामन राघवला भेटलेली नाही. त्या तीन डॉक्टरांनी पाच बैठका घालवल्या, तरी त्यानं हात मिळवला नाही. मी चाळीस सेकंदांत त्याचं जग सांगून मोकळी झाले.

आणखी एक खुपलेली गोष्ट. रामन राघववर श्रीराम राघवननं १९९१ च्या सुमारास फिल्म केली, रघुवीर यादव होते त्यात. अनुराग कश्यपचा २०१६ चा सिनेमा त्याच्या नावाचा आधार घेऊन आला. दोन्ही पाहण्यासारखे आहेत, मी दोन्ही दोनदा पाहिलेत. पण त्या फुटपाथवर झोपलेल्या माणसांपैकी एकाचं नाव सांगा. नाही सांगता येत ना? त्या डॉक्युमेंटरीच्या चार तासांत मलाही कुणी त्यांच्याबद्दल एक प्रश्न विचारला नाही, आणि मीही स्वतःहून काही बोलले नाही. पुण्याच्या केसमधली दोन कुटुंबं निदान नावानं लक्षात राहिली. त्यांच्या घरी काम करणाऱ्या आणि त्यांच्याबरोबर मारल्या गेलेल्या बाई, त्या केसच्या नावात कुठे आहेत?

आता मी शूटिंगला जायच्या आधी मेल पाठवते. आजाराचं नाव माझ्या तोंडून गेलं तर त्याच्या पुढचं वाक्यही त्याच शॉटमध्ये राहिलं पाहिजे, नाहीतर आजाराचं नाव घेणार नाही. दोन ठिकाणांहून उत्तर आलं, "शुअर मॅम, कळवतो." कळवलं नाही अजून. एका मुलीनं मात्र मान्य केलं आणि पाळलंही. तो एपिसोड फारसा कुणी पाहिला नाही.

काकू आणि तो मुलगा परत आले होते. मी काकूंसमोरच त्याला सॉरी म्हटलं. तो थोडा वेळ छताच्या पंख्याकडे बघत होता. मग म्हणाला, "मॅडम, लाइट भारी लावली होती तुमच्यावर." काकू त्याला रागवायला लागल्या, मी हसत होते, आणि मग त्यानंच विचारलं,

"त्या रामन राघवला कुणी गोळ्या दिल्या होत्या का?"

मी म्हटलं, "गोळ्या निघाल्या होत्या रे तेव्हा. पहिलं औषध १९५० च्या दशकातच आलं. पण तो रस्त्यावर राहायचा. उपचारांची जी नोंद आहे ती जेलमधली आहे."

"म्हणजे पकडल्यावर."

"हो. पकडल्यावर."

त्यानं मान हलवली. मग मोबाइलवर वेळ बघितली, कारण दुपारी दुकान उघडायचं होतं आणि कुणाच्या तरी थीसिसच्या सहा कॉपी संध्याकाळपर्यंत हव्या होत्या. निघताना काकू दारात जरा मागे राहिल्या आणि हळू आवाजात म्हणाल्या, "विळी परत ओट्याखाली ठेवलीये हो. त्यानंच सांगितलं तिथे ठेव म्हणून. काल गवार निवडून दिली मला."